पितृपक्षातलं गिऱ्हाईक

नमुना फ्लॅटच्या पलंगावर कुणीतरी आडवं झालं होतं.

पूर्णिमा दारातच थबकली. बाहेर परतीचा पाऊस असा ओतत होता की समोरचा कात्रजचा डोंगर कुणी फडक्याने पुसून टाकावा तसा नाहीसा झाला होता. आणि आत, ज्या पलंगाच्या चादरीला तिच्याशिवाय कुणी हात लावायचा नाही, त्या पलंगावर एक उंच तरुण डोळे मिटून पडलेला. दाराशी ठेवलेल्या निळ्या प्लॅस्टिकच्या पिशव्या तेवढ्या इमानेइतबारे बुटांवर चढवलेल्या. आणि ते पाय… पलंगाबाहेर चांगले वीतभर लोंबत होते.

"अहो," ती म्हणाली. "हा फ्लॅट विकायला ठेवलाय. झोपायला नाही."

तो धडपडून उठला. केसांतून पाण्याचा एक थेंब ओघळून नाकाच्या शेंड्यावर येऊन थांबला.

"सॉरी मॅडम. झोपलो नव्हतो. मोजून राहिलो होतो."

"काय मोजत होतात डोळे मिटून?"

"पलंग. पाच फूट तीन इंच भरते हा. मी पाच अकरा. म्हटलं, पुण्यात येऊन मीच वाढलो की काय…"

पूर्णिमाने घाईने चादर सारखी केली. कारण त्याने नेमक्या दुखऱ्या जागेवर बोट ठेवलं होतं. नमुना फ्लॅट म्हणजे दाखवायला नटवलेली नवरी, तिचं सगळंच काही खरं नसतं. बिल्डरने पलंग, सोफा, जेवणाचं टेबल, सगळं सुताराकडून मुद्दाम आखूड करून घेतलं होतं, म्हणजे खोल्या ऐसपैस दिसाव्यात. आतल्या खोल्यांना तर दारंच बसवलेली नव्हती. तीन महिने पूर्णिमा तिथे लोकांना हसतमुखाने फिरवत होती. मोठमोठ्या पगाराची माणसं आली आणि गेली, एकाच्याही ध्यानात आलं नाही. शिकल्या माणसाला भिंतीचा रंग दिसतो, पलंग दिसत नाही.

"अंथरूण पाहून पाय पसरावेत म्हणतात," ती म्हणाली.

"आणि अंथरूणच कापलेलं असलं तर?"

ती हसली. हसायचं नव्हतं, पण हसली. आणि तो तिच्या हसण्याकडे असा बघत राहिला, की नाकावरचा थेंब पुसायचंही विसरला.

"करता काय तुम्ही?" तिने विचारलं.

"आयटीत आहे. टेस्टिंग. दुसऱ्याच्या कामातल्या चुका काढायचा पगार मिळते."

"मग पुण्याचेच की."

"नाही जी. वाशिमचा."

नाव त्याचं दत्तप्रसाद. खरं म्हणजे तो गिऱ्हाईकच नव्हता. मोटारसायकलवरून बायपासने चालला होता, पावसाने झोडपलं, आडोशाला म्हणून साइटच्या कमानीखाली शिरला आणि उघडं दार दिसलं म्हणून वर चढला. पण आलेल्या माणसाला चहा द्यायचा आणि किंमत ऐकवायची हा नेम. पूर्णिमाने कागदी कपात चहा दिला आणि पाठ केलेलं म्हणून दाखवलं.

"बारा लाखांचा फ्लॅट. दोन तुमचे, दहा बँकेचे. हप्ता फक्त आठ हजार तीनशे चौसष्ट."

त्यातला 'फक्त' तिचा नव्हता. तो मंदाकिनी मॅडमचा. मंदाकिनी मॅडम म्हणजे विक्रीच्या मुख्य; बोलणं साखरेचं आणि नजर सुरीची. त्यांनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं, "हप्ता सांगायचा, बेरीज सांगायची नाही. हप्त्याला माणूस मान डोलावतो. बेरजेला उठून जातो."

आणि मॅडमचं ऐकणं पूर्णिमाला भाग होतं. तिची नोकरी कच्ची. दसऱ्यापर्यंत सहा बुकिंग आणलीस तर कायम करू, असा करार. पाच झाली होती. आई धनकवडीला पोळीभाजी केंद्र चालवायची, दिवसाला दोनशे पोळ्या लाटायची, आणि आताशा लाटता लाटता मध्येच मनगट धरून बसायची. पूर्णिमाची नोकरी कायम झाली की आई शंभरावर येणार होती. एवढं त्या सहाव्या बुकिंगवर टांगलेलं होतं.

पुढच्या रविवारी ऊन पडलं. साइटवर चिटपाखरू नव्हतं. असणार कुठून? पितृपक्ष चाललेला. अहो, पितृपक्षात पुण्यातला माणूस नवी चप्पल घेत नाही, तो फ्लॅट काय घेणार. मंदाकिनी मॅडमसुद्धा रजेवर. आणि अशा सुनसान दुपारी मोटारसायकल येऊन थांबली. पितृपक्षात घर बघायला येणारा माणूस एक तर घाईतला, नाहीतर वेडा, नाहीतर… तिसरंच काहीतरी. पूर्णिमाने खिडकीच्या काचेत बघून केसांची बट मागे सारली. मग स्वतःवरच चिडून पुढे आणली.

"आज पाऊस नाही," ती म्हणाली.

"तेच तर. पंचाईत झाली. कारण शोधावं लागलं."

"सापडलं?"

"ओटा बघायचा राहिला होता."

तिने ओटा दाखवला. मग खिडकी दाखवली. मग दाखवायला काही उरलं नाही तरी दोघं त्या बिनदाराच्या खोल्यांमधून फिरत राहिले.

"कपाट कुठं ठेवावं म्हणता?" त्याने विचारलं.

"त्या भिंतीला नको. ओल येईल. इकडे ठेवा."

"आणि टेबल?"

"खिडकीपाशी. सकाळी डोंगर दिसतो. चहा घेताना बरं वाटतं."

"कुणाला?"

"ज्याचं घर त्याला."

"एकट्याला चहा घेताना डोंगर दिसला काय अन् भिंत दिसली काय…"

दिवा दाखवायला तिने बटणाकडे हात नेला, त्याच वेळी त्यानेही नेला. बोटं लागली. बटण खोटंच होतं, दिवा काही लागला नाही. पण पूर्णिमाच्या कानांच्या पाळ्या कशा पेटल्या, ते तिचं तिला ठाऊक.

तिसऱ्या रविवारी घट बसले होते, आणि तो म्हणाला, "घेतो मी. ठरलं. ऑफिसातल्या सगळ्यांनीच घेऊन टाकले. बाबा शाळेत क्लार्क होते, औंदा रिटायर झाले. त्यांच्या फंडातले दोन लाख देतो म्हणाले. दसऱ्याला चेक आणतो."

सहावं. पूर्णिमाला नाचावंसं वाटलं. नोकरी कायम, आईच्या शंभर पोळ्या कमी, आणि हा माणूस आता इथलाच… पण मग त्याने एक गोष्ट विचारली. जाता जाता, हेल्मेटचा पट्टा लावत, तिच्याकडे न बघता.

"सगळ्यांशीच असं हसता का हो?"

"कामच आहे ते," ती म्हणून गेली.

त्याचा चेहरा किंचित उतरला. बोललेलं परत गिळता येत असतं तर पूर्णिमाने ते तिथेच गिळलं असतं.

घरी तिची आई, वेणूबाई, पोळ्या लाटत होत्या. चौथीत शाळा सुटलेली बाई, पण आल्या माणसाला नखशिखांत वाचायची.

"सहावा मिळाला, आई."

"कोण?"

"वाशिमचा आहे एक. दत्तप्रसाद म्हणून."

"नाव सांगताना एवढी लाजतेस कशाला गं? ओढणीशी काय चाललंय?"

"काही नाही."

"बरं, काही नाही. किती पडतं त्याला घर?"

"आठ हजार तीनशे चौसष्ट फक्त."

"ते महिन्याचं झालं. मेथीची जुडी केवढ्याला विचारलं, तर भाजीवाली काडीचा भाव सांगत नाही. सगळं मिळून किती?"

खरंच, सगळं मिळून किती? तीन महिन्यांत कुणी विचारलं नव्हतं, आणि तिनेही स्वतःला विचारलं नव्हतं.

वेणूबाईंनी पोळी उलटली. "आठ हजार तीनशे… बारा महिने… लाख झाला की गं. वर्षाला लाख. किती वर्षं?"

"वीस."

लाटणं थांबलं.

"वीस लाख. आणि बँक देते किती?"

"दहा."

"मग वरचे दहा?"

"व्याज."

"एवढं बी.कॉम. केलंस, आणि पोळी करपेपर्यंत मी जी बेरीज केली ती तुला तीन महिन्यांत जमली नाही."

"अगं, भाडंही वाढतंच ना दरवर्षी. पगार वाढतात. टॅक्समध्ये सूट मिळते."

"घर घेऊ नये असं कुठं म्हटलं मी? माणसाने घर घ्यावंच. पण किंमत ऐकून घ्यावं. तू सांगितलीस का त्याला?"

"त्याने विचारली नाही."

"विचारली नाही, की तू हसत होतीस म्हणून विचारायची राहिली?"

पूर्णिमाच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. वेणूबाईंनी बघितलं, आणि न बघितल्यासारखं करून करपलेली पोळी बाजूला काढली.

दुसऱ्या दिवशी पूर्णिमा श्रीनिवाससमोर जाऊन उभी राहिली. श्रीनिवास म्हणजे कर्ज देणाऱ्या कंपनीचा माणूस, साइटच्या ऑफिसातच टेबल टाकून बसायचा.

"दहा लाखांचा हप्त्यांचा तक्ता द्या. पूर्ण. शेवटच्या हप्त्यापर्यंत."

"पूर्ण? अहो, पूर्ण कुणी मागत नाही. गिऱ्हाईक पहिलं पान बघतं."

"मला सगळी पानं हवीत."

प्रिंटर किरकिरत राहिला. पानामागून पान. पूर्णिमाने पहिली ओळ वाचली आणि पुन्हा वाचली. हप्ता आठ हजार तीनशे चौसष्ट. त्यातलं व्याज सहा हजार सहाशे सदुसष्ट. मुद्दल उतरलं सतराशेसुद्धा नाही. तिने बोट खाली नेलं. पाच वर्षांच्या ओळीवर थांबवलं. भरलेले पाच लाख, आणि कर्ज उतरलेलं जेमतेम सव्वा लाख.

"आणि व्याजाचा दर वाढला तर?"

"बदलता दर आहे, वाढू शकतो. पण हप्ता तोच ठेवतो आम्ही. उगाच माणूस घाबरायला नको."

"हप्ता तोच, मग वाढतं काय?"

"वर्षं. एक टक्का वाढला तर विसाची पंचवीस होतात. थोडी वरच."

"त्यांना कळतं हे?"

"पत्र जातं की."

"वाचतात?"

श्रीनिवासने नुसता चहाचा कप उचलला. मग आवाज खाली आणून म्हणाला, "पूर्णिमा, हे तुझं सहावं आहे. कशाला पायावर धोंडा पाडून घेतेस?"

त्या रात्री तिला झोप आली नाही, आणि सकाळी उठली ती मात्र हलकी होऊन. काय करायचं ते ठरलं होतं.

दसऱ्याला साइटचं ऑफिस झेंडूच्या तोरणांनी नुसतं पिवळंधमक. पितृपक्षात रोखून धरलेली सगळी गिऱ्हाइकं एकदम लोटलेली. पेढे, आपट्याची पानं, पोरांची रडारड. दत्तप्रसाद नवा शर्ट घालून आला होता, घडीच्या रेघा तशाच. मंदाकिनी मॅडमनी त्याला मानाच्या खुर्चीवर बसवलं, अर्ज समोर सरकवला.

"पूर्णिमा, साहेबांना पेन दे."

पेन पूर्णिमाच्या हातात होतं. तिने ते पुढे केलं नाही.

"साहेबांना… एकदा शेवटचा फ्लॅट दाखवून आणते, मॅडम."

"अगं, तीनदा बघितलाय त्यांनी."

"चौथ्यांदा बघतो," दत्तप्रसाद उठलाच.

वर गेल्यावर तिने कागदांची चळत आखूड टेबलावर ठेवली. सगळं सांगितलं. वर्षाला लाख. दहाचे वीस. पाच वर्षांत सव्वा लाख. विसाची पंचवीस. सांगताना एकही आकडा चुकला नाही. हेही सांगितलं की हप्ता हजार-बाराशेने वाढवून पंधरा वर्षांचं कर्ज घेतलं तर जवळजवळ तीन लाख वाचतात. की आणखी थोडी वर्षं थांबून जास्त पैसे हातात घेऊन गेलं तर त्याहून वाचतात. "घेऊच नका असं नाही म्हणत मी. पण बघून घ्या. वडिलांचे पैसे आहेत."

तो कागदांकडे बघत राहिला. खाली कुणीतरी नारळ फोडला, टाळ्या वाजल्या.

"चुका काढायचा पगार घेतो मी," तो हळू म्हणाला. "पलंग मोजला, आणि हे मोजायचं सुचलं नाही."

"कुणालाच सुचत नाही."

"मला दुसरं काही सुचून राहिलं होतं म्हणून." त्याने मान वर केली. "आज तुमचं कायम होणार होतं ना? श्रीनिवास बोलले."

"तुम्हाला माहीत होतं?"

"हो."

"म्हणजे माझ्या नोकरीसाठी तुम्ही वीस वर्षं…"

"नाही बाप्पा. एवढा मोठ्या मनाचा नाही मी." तो कानामागे खाजवू लागला. "बुकिंग केलं की ताबा मिळेस्तोवर दीड वर्ष. दर रविवारी साइटवर यायचं हक्काचं कारण. मला घर नव्हतं पाहिजे, पूर्णिमा. मला रविवार पाहिजे होते."

मॅडम, मिस, असं काही न लावता त्याने पहिल्यांदाच नुसतं नाव घेतलं होतं, आणि ते नाव आपलंच आहे हे पटायला तिला एक क्षण लागला.

"फार महाग पडले असते," ती कशीबशी म्हणाली. "दहा लाख व्याज."

"तेवढा हिशेब नव्हता लावला."

"आणि मी त्या दिवशी म्हणाले ना… हसणं काम आहे म्हणून. पहिल्या रविवारी होतं काम. चहा देईपर्यंत."

"मग?"

"मग नव्हतं."

दोघं खाली आले. मंदाकिनी मॅडम पेढ्याचा पुडा उघडून तयार.

"साहेब आज सही करत नाहीत," पूर्णिमाच बोलली. सगळ्या ऑफिसला ऐकू गेलं. "मी त्यांना सगळं मिळून किती ते सांगितलं."

मॅडमनी चष्मा काढला. "अस्सं. मग उद्या भटजींनीही मांडवात आधी सगळं मिळून किती ते सांगायला सुरुवात केली, तर अंतरपाट धरायला कुणी उभं राहील का गं?"

"जे राहतील ते टिकतील, मॅडम."

शेजारच्या टेबलावर सही करायला बसलेल्या एका बाईंनी पेन खाली ठेवून नवऱ्याला कोपराने ढोसलं. "अहो, आपलं किती होतं सगळं मिळून?" मॅडमनी ते ऐकलं, आणि मग साखर संपली.

"सोमवारपासून येऊ नकोस. पेढा घेऊन जा. तो फुकट आहे."

पूर्णिमाने पेढा घेतला. का नाही घ्यायचा? तीन महिने उभ्याने काढले होते.

बायपासच्या स्टॉपवर येईपर्यंत पावसाची भुरभुर सुरू झाली. नोकरी गेली होती. दसऱ्याच्या दिवशी, आईला काय सांगणार, मनगटाचं काय… आणि तरी आत कुठेतरी ढोल वाजत होता, थांबायचं नाव घेईना. मागे धावती पावलं ऐकू आली. बुटांवर निळ्या पिशव्या तशाच. काढायचं भान राहिलं नव्हतं.

"पाय," ती म्हणाली.

त्याने खाली बघितलं, आणि मग दोघंही हसत सुटले. स्टॉपवरच्या म्हाताऱ्याने तोंड फिरवलं. पेढ्याचे दोन तुकडे झाले.

"नोकरी गेली तुमची. माझ्यापायी."

"तुमच्यापायी नाही. माझ्यामुळेच गेली. तेवढं माझ्याकडे राहू द्या."

"आता कुठं जाल?"

"घरी. आईला सांगायला."

"रागावेल?"

"नाही. म्हणेल, बेरीज उशिरा केलीस."

पीएमटी लांबून धूर सोडत येताना दिसली. दत्तप्रसादने एक पाऊल पुढे टाकलं, एक मागे घेतलं.

"वीस वर्षांच्या कागदावर सही करायला निघालो होतो तर हात थरथरला नाही," तो म्हणाला. "आता नुसतं एक विचारायचं आहे तर… जमून नाही राहिलं."

"मग नका विचारू," ती म्हणाली, आणि बसमध्ये चढली.

तो खाली भिजत उभा. ती पायरीवरच वळली. "चढा की. पुण्यातली बस आहे, कुणासाठी थांबत नाही."

"माझी गाडी साइटवर…"

"असू दे. कुणी विकणार नाही. विकली तरी हप्त्याने विकतील."

तो चढला. बस निघाली. दोघं दाराजवळच्या सीटवर बसले. खांदा खांद्याला लागत होता, आणि दोघंही खिडकीबाहेर असं बघत होते, जसा काही कात्रजचा घाट आयुष्यात पहिल्यांदाच दिसला.

"आईपुढे काय बोलू मी?" त्याने हळूच विचारलं.

"काही बोलू नका. तीच विचारेल. पगार किती, शिल्लक किती, भाडं किती. आणि मग लाटणं हातात देईल."

"मला लाटता नाही येत."

"तेही विचारेल."

कंडक्टर चिमटा वाजवत येऊन उभा राहिला. "हां, बोला. कुठं?"

दत्तप्रसादने खिशात हात घातला आणि पूर्णिमाकडे बघितलं. ओला, उंच, सगळं विसरलेला माणूस. पूर्णिमाने पर्स उघडली, नोट काढली, आणि सगळ्या बसला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली,

"धनकवडी. दोन."